क्राकोवहून ऑशविट्झला जाताय? मग एवढं वाचून जा

पोलंडमध्ये क्राकोवला नोकरीसाठी येऊन मला आता चार वर्षं होतील, आणि घरून कोणीही आलं की दोन दिवस किल्ला, चौक, मार्केट फिरून झालं की प्रश्न येतोच, ते हिटलरच्या छावणीचं ऑशविट्झ इथून जवळ आहे ना रे, नेशील का. आत्तापर्यंत चार वेळा जाऊन आलोय, एकदा एकटा, एकदा आई-बाबांना घेऊन, एकदा कॉलेजच्या मित्राबरोबर आणि मागच्या एप्रिलमध्ये कोल्हापूरच्या मामांना घेऊन. प्रत्येक वेळी काही ना काही चुकलं, म्हणून म्हटलं एकदा नीट लिहूनच ठेवू, म्हणजे दर वेळी व्हॉट्सॲपवर तेच तेच टाइप करायला नको.

एक गोष्ट आधीच सांगतो, गाइड घ्याच, पण सगळं गाइडवर सोडून जाऊ नका. टूर साडेतीन तासांची असते, मागून दुसरा ग्रुप येत असतो, त्यामुळे गाइडला थांबताच येत नाही, आणि नेमकं जिथे तुमचा पाय अडकतो तिथूनच पुढे चला म्हणून हेडफोनमध्ये आवाज येतो. त्यामुळे कुठे थांबायचं ते थोडं आधी ठरवून जा आणि टूर संपल्यावर हातात दोन तास मोकळे ठेवा. बाकी सगळं ह्याच्याभोवती बसवायचं.

पहिलं म्हणजे ही एक जागा नाही, दोन आहेत. ऑशविट्झ एक म्हणजे मूळची छावणी, १९४० मध्ये पोलिश सैन्याच्या जुन्या विटांच्या बराकीत सुरू केलेली, तिथे सगळी प्रदर्शनं आहेत आणि ते जगप्रसिद्ध लोखंडी गेट आहे. दुसरी बिर्केनाऊ, तीन-साडेतीन किलोमीटरवर, अफाट पसरलेली, रेल्वेचे रूळ आत जातात तो फोटो तिथला. बरेच लोक पहिली बघून दमतात आणि दुसरी सोडून देतात, असं अजिबात करू नका, कारण बहुतेक माणसं मारली गेली ती बिर्केनाऊत. एकूण किमान १३ लाख लोकांना इथे आणलं, त्यातले ११ लाख परत गेले नाहीत, आणि त्या ११ लाखांत जवळपास १० लाख ज्यू होते, बाकी पोलिश, रोमा म्हणजे जिप्सी, सोव्हिएत युद्धकैदी. तिसरी एक छावणी होती, मोनोवित्झ, आय जी फार्बेन ह्या जर्मन केमिकल कंपनीच्या कारखान्यासाठी, पण ती टूरमध्ये नसते.

आता बुकिंग. आत जायला पैसे लागत नाहीत, गाइडचे लागतात. पण फुकट असलं तरी पास लागतोच आणि तो म्युझियमच्या स्वतःच्या साइटवर, व्हिजिट डॉट ऑशविट्झ डॉट ओआरजी, तिथेच काढायचा, गेटवर जाऊन बघू म्हणाल तर फसाल. बिनगाइडचे पास ठरावीक वेळांचेच असतात आणि लगेच उडतात. इंग्रजी टूर सगळ्यात जास्त असतात, तरी उन्हाळ्यात जाणार असाल तर दोन-तीन महिने आधी बघायला लागा, म्हणजे शेंगेन व्हिसाची अपॉइंटमेंट शोधताय तेव्हाच हेही उरकून टाका. पास नावाचा असतो आणि गेटवर पासपोर्टशी जुळवून बघतात, त्यामुळे आपलं ते नाव, वडिलांचं नाव, आडनाव प्रकरण पासपोर्टवर जसं आहे तसंच भरा, लाडाचं नाव किंवा लग्नाआधीचं आडनाव नको. साडेतीन तासांची साधी टूर आणि सहा तासांची अभ्यास टूर असे दोन प्रकार असतात. इतिहासाची खरंच आवड असेल आणि पायात दम असेल तर सहा तासांची घ्या, आई-बाबा बरोबर असतील तर साधीच बरी.

हॉटेलवरून गाडीने नेऊन आणणाऱ्या एजन्सीच्या टूरही भरपूर आहेत. सोय आहे, नाही म्हणत नाही, पण माझ्या मित्राने घेतली होती त्यात बुक करताना वेळ सकाळी नऊची दाखवली आणि आदल्या रात्री अकरा वाजता मेसेज आला की पहाटे पावणेसहाला खाली येऊन थांबा. असं होऊ शकतं हे धरून चाला आणि त्याच दिवशी संध्याकाळची ट्रेन काढू नका. अजून एक, बुक करताना नीट वाचा, आत बोलणारा जिवंत गाइड आहे का हातात फक्त पुस्तिका देणारेत. आणि तो ऑशविट्झ अधिक व्येलिच्काची मिठाची खाण एका दिवसात असा कॉम्बो असतो ना, तो तर घेऊच नका. खाण भारी आहे, पण ज्या दिवशी सकाळी हे पाहिलंय त्याच दुपारी मिठाची झुंबरं बघायची इच्छा माणसाला होत नाही. आमची झाली नाही, पैसे मात्र गेले.

स्वतः जायचं तर सोपं आहे. क्राकोवच्या मुख्य रेल्वे स्टेशनच्या मागेच बस स्टँड आहे, तिथून बस, साधारण सत्तरेक किलोमीटर, दीड तास धरा. फक्त बोर्डावर ऑशविट्झ शोधत बसू नका, ते जर्मन नाव आहे, गावाचं पोलिश नाव ओश्फ्येंचिम, तिकीट त्याच नावाने मिळतं. बसमध्ये चढताना ड्रायव्हरला म्युझियम असं विचारून घ्या कारण काही बस गावातच थांबतात. ट्रेननेही जाता येतं, पण स्टेशनपासून वीस-पंचवीस मिनिटं चालावं लागतं. टूरच्या वेळेआधी निदान पाऊण तास पोचा, एअरपोर्टसारखी तपासणी असते आणि रांग असते.

सामानाचं मात्र लिहून घ्या. आत फक्त छोटी पर्स चालते, अंदाज सांगायचा तर ए-फोर कागदाएवढी, त्याहून मोठी बॅग असेल तर बाहेर लॉकररूममध्ये ठेवायला लावतात. आईची ती खांद्याला लावायची कापडी पिशवी, ज्यात धपाटे, लोणच्याची बाटली, शाल, औषधं आणि अख्खा संसार होता, ती अर्थातच अडली, आणि ती ठेवून येईपर्यंत आमचा ग्रुप निघायला आला होता. आत खायचं नसतं, पाण्याची बाटली बरोबर ठेवा, डबा बाहेर बाकावर बसून आधी खाऊन घ्या. बाथरूमलाही आधीच जाऊन या. बूट साधे, चालून चालून मऊ झालेले, कारण एकीकडे ओबडधोबड दगड आणि दुसरीकडे खडी. बिर्केनाऊत आडोसा म्हणून नाही, वारा सरळ अंगावर येतो, एप्रिलमध्येसुद्धा मामांनी कानटोपी काढली नाही. जुलैत उलट, ऊन लागतं.

आणि एक खास आपल्या लोकांसाठी. गळ्यात स्वस्तिकाचं लॉकेट, मोबाइलच्या कव्हरवर शुभ-लाभ स्वस्तिक, टी-शर्टवर काही असेल तर त्या दिवशी हॉटेलवर ठेवून या. आपलं स्वस्तिक वेगळं आणि त्यांचं तिरकं वेगळं हे आपल्याला माहीत आहे, पण ज्याचे आजी-आजोबा तिथे गेले त्या माणसाला गेटवर उभं राहून हे समजावत बसणार का? शिवाय पोलंडमध्ये नाझी चिन्हांचा प्रचार हा गुन्हा आहे, उगाच गैरसमजाला जागा नको. तसंच मराठीत बोलताना जपा. आमच्याकडे कडक हेडमास्तर म्हणजे हिटलर, सासरा म्हणजे हिटलर, बॉस म्हणजे हिटलर. मामा रांगेत उभे राहून त्यांच्या साहेबांचा किस्सा मोठ्याने सांगत होते आणि त्यात हा शब्द चार वेळा आला. मराठी कोणाला कळत नसलं तरी तो एक शब्द सगळ्यांना कळतो, मागची एक म्हातारी बाई वळून बघायला लागली. मी मामांच्या दंडाला हात लावला तेव्हा त्यांच्या लक्षात आलं.

इथल्या लोकांशी बोलताना पोलिश छावणी असंही म्हणू नका. छावणी जर्मन नाझींची, जमीन त्यांनी बळकावलेली, आणि पहिली मोठी तुकडी आणली तीच मुळी पोलिश राजकीय कैद्यांची, १४ जून १९४० ला तार्नुफहून ७२८ जण. युनेस्कोच्या यादीत ही जागा १९७९ पासून आहे आणि २००७ मध्ये नावातच जर्मन नाझी हे शब्द घालून घेतलेत, इतका तो विषय नाजूक आहे.

आत गेलात की हेडफोन देतात, गाइड हळू आवाजात बोलतो ते कानात येतं. हे बरं असतं कारण आजूबाजूला दहा ग्रुप असले तरी शांतता राहते. आत नेणारा एक काँक्रीटचा उघडा बोळ आहे, तिथे स्पीकरवर मारल्या गेलेल्यांची नावं वाचत असतात, एकामागून एक. बरेच लोक तिथे हेडफोनचा आवाज सेट करत चालतात. नका करू, आधीच करून घ्या.

मग ते गेट, काम केल्याने मुक्ती मिळते असं जर्मनमध्ये लिहिलेलं. त्यातलं बी अक्षर उलटं बसवलंय, वरचं पोट मोठं, ते बघा. आत्ता आहे ती पाटी नक्कल आहे, मूळची डिसेंबर २००९ मध्ये चोरीला गेली होती, काही दिवसांतच सापडली पण तीन तुकडे केलेली. आत शिरल्यावर पहिला धक्का असा बसतो की जागा नीटनेटकी आहे. लाल विटांच्या दुमजली इमारती, ओळीत झाडं, आपल्याकडची जुनी पोलीस लाइन वाटावी. बाबा म्हणाले, इथे असं काही झालं असेल असं वाटत नाही रे. दहा मिनिटांनी ते बोलायचेच बंद झाले.

चार नंबरच्या ब्लॉकमध्ये केसांची खोली आहे. काचेमागे माणसांचे कापलेले केस, जवळपास दोन टन. फोटो काढायला बंदी आहे, आणि ती नसती तरी काढू नका. कोणाला नको वाटलं तर बाहेर थांबता येतं, गाइडला फक्त सांगा, आई थांबली होती.

पाच नंबरला मात्र वेळ काढा, मी थांबायचं ठरवून जा म्हणतो ते मुख्यतः इथे. चपला-बूट आहेत, चष्मे आहेत, कृत्रिम पाय आहेत, ज्यूंच्या प्रार्थनेच्या शाली आहेत. शाली बघून आई म्हणाली, ठाण्याला आपल्या शेजारच्या बेने इस्रायली काकांकडे अशीच होती की. सुटकेसींचा ढीग आहे, म्युझियमकडे साधारण ३,८०० आहेत आणि त्यातल्या २,१०० वर मालकाचं नाव आहे, पांढऱ्या रंगाने मोठ्या अक्षरात नाव, गाव, जन्मतारीख. नाव घालायला त्यांना सांगितलं होतं, म्हणजे सामान नंतर बरोबर परत मिळेल असं वाटावं म्हणून. आणि त्याच ब्लॉकमध्ये भांडी आहेत. ह्याच्यासमोर लोक थांबत नाहीत, कारण केस आणि बूट ह्यांच्यापुढे भांडी म्हणजे काय. एनॅमलची पातेली, निळी, लाल, पांढरी, कान तुटलेली टोपं, दुधाचे कॅन, झाकण्या, बुडाला काळी पडलेली एक कढई. १२,००० च्या वर आहेत. आई-बाबांना घेऊन गेलो तेव्हा आई त्या काचेसमोरून हलेना. तिला म्हटलं ग्रुप पुढे गेला, तर म्हणाली, अरे मरायला जातोय हे माहीत असतं तर बाई पातेलं कशाला घेईल बरोबर. आमच्याकडे आजीची सगळी भांडी नावं घातलेली, आजोबांचं नाव आणि साल, आई त्यातलंच एक तामण लग्नात घेऊन आली. तिने त्या ढिगात एखाद्यावर नाव दिसतंय का ते शोधलं, तिथून तरी दिसलं नाही.

सहा नंबरच्या कॉरिडॉरमध्ये दोन्ही भिंतींवर कैद्यांचे फोटो आहेत, पट्ट्यापट्ट्यांचे कपडे, डोकं भादरलेलं. गाइड इथून भराभर नेतो. तुम्ही एकच फोटो निवडा आणि खालच्या तारखा वाचा, आणल्याची आणि मृत्यूची, मधले दिवस मोजा. दोन महिने, तीन महिने, कधी काही आठवडे. आणि मग हे लक्षात घ्या की नंबर मिळाले ते त्यातल्या त्यात आत घेतलेल्यांना, असे साधारण चार लाख. बाकीच्यांना गाडीतून उतरवून थेट गॅस चेंबरला नेलं, त्यांची छावणीत नोंदच केली नाही.

अकरा नंबर म्हणजे तुरुंगातला तुरुंग. सप्टेंबर १९४१ मध्ये झिक्लॉन बी ह्या विषारी गॅसचा माणसांवर पहिला मोठा प्रयोग ह्याच तळघरात केला. उभं राहायच्या कोठड्या आहेत, जेमतेम तीन फूट बाय तीन फूट, त्यात चार माणसं रात्रभर उभी. माक्सिमिलियान कोल्बे ह्या पाद्रींची कोठडी इथेच, दुसऱ्या कैद्याच्या जागी उपाशी मरायला ते स्वतःहून पुढे झाले, १९४१ मध्ये, आणि ज्याच्यासाठी गेले तो माणूस १९९५ पर्यंत जगला. जिना अरुंद आहे, गुडघ्याचा त्रास असेल तर आधी विचार करा. इथेही तळघरात फोटो नाहीत. बाहेर दहा आणि अकराच्या मधे गोळ्या घालायची भिंत आहे, तिथे फुलं आणि मेणबत्त्या असतात, बोलायचं नाही.

शेवटी गॅस चेंबर आणि भट्ट्या. इमारत मूळची आहे पण युद्धानंतर काही भाग पुन्हा उभारलाय, चांगला गाइड हे स्वतःहून सांगतो. बाहेर आल्यावर एक फाशीचा खांब दिसतो, छावणीचा प्रमुख रुडॉल्फ ह्योस ह्याला १६ एप्रिल १९४७ ला तिथे फाशी दिली, आणि कुंपणापलीकडे तो बायकापोरांबरोबर राहायचा ते घरही दिसतं. अंतर बघा फक्त.

मग छोटा ब्रेक आणि फुकट शटल बसने बिर्केनाऊ. इथे प्रदर्शन असं फार नाही, रिकामी जागाच बघायची असते. विटांच्या चिमण्या रांगेने उभ्या आहेत आणि लाकडी बराकी बऱ्याचशा गेल्यात. ज्या आहेत त्या घोड्यांच्या तबेल्याच्या नकाशावर बांधलेल्या, ५२ घोड्यांसाठीच्या, त्यात चारशेच्या वर माणसं. आतपर्यंत आलेले रूळ १९४४ च्या मे महिन्यात, हंगेरीतून ज्यू आणायला लागले तेव्हा सुरू झाले, आणि मग साधारण दोन महिन्यांत तिथून चार लाखांवर लोक आणले. रुळांवर तोल सांभाळत चालतानाचे फोटो काढू नका, म्युझियमने स्वतः हात जोडून सांगितलंय तरी लोक काढतात. रुळांच्या शेवटी, गेटपासून जवळपास एक किलोमीटरवर, दोन क्रिमेटोरियमचे, म्हणजे गॅस चेंबर आणि प्रेतं जाळायच्या भट्ट्यांचे, ढिगारे आहेत. पुरावा नको म्हणून एसएसने, म्हणजे छावणी चालवणाऱ्या नाझी दलाने, २० जानेवारी १९४५ ला उडवले, आणि आठवड्यात, २७ ला, सोव्हिएत सैन्य पोचलं. तेव्हा आत जिवंत कैदी सापडले ते साधारण सात हजार.

टूर इथे कुठेतरी संपते आणि सगळे शटलकडे पळतात. तुम्ही पळू नका, त्या दोन तासांचा उपयोग आता. बिर्केनाऊत पुढे आपलं आपण फिरता येतं. उजवीकडे झाडीच्या दिशेने चालत जा, तिथे गर्दी जातच नाही. अंगात दम उरला आणि पहिल्या जागेत परत शिरायला मिळालं तर सत्तावीस नंबरच्या ब्लॉकमध्ये नावांचं पुस्तक आहे, मोठाली पानं, फक्त इथल्याच नव्हे तर सगळीकडे मारल्या गेलेल्या ज्यूंची चाळीस लाखांहून जास्त नावं. आमच्या एकाही साध्या टूरमध्ये ते नव्हतं. पास एकदाच आत जायचा असतो, त्यामुळे आधी गाइडलाच विचारा, वेळ कसा बसवता येईल म्हणून.

मुलांचं विचाराल तर म्युझियमच १४ च्या खाली आणू नका म्हणतं. माझ्या बहिणीला अकरा वर्षांच्या पोरीला घेऊन यायचं होतं, मी नाही म्हटलं, ती रुसली, असो.

मामांचा किस्सा सांगायचा राहिला. ढिगाऱ्यापाशी त्यांनी गाइडबाईंना माझ्याकरवी सांगितलं की आमच्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला तुमच्या पोलंडचे पाच हजार लोक ठेवले होते, बायका आणि पोरं, १९४३ ते ४८, माझे वडील त्यांना दूध घालायचे. बाईंना वळिवडे माहीत होतं. पण त्या म्हणाल्या, ते लोक इथून सुटलेले नव्हेत, त्यांना स्टालिनने सायबेरियाला नेलं होतं, आमच्याकडे तेव्हा एकीकडून जर्मन आणि दुसरीकडून रशियन असे दोन्ही बाजूंनी आले होते. मामा बराच वेळ काही बोलले नाहीत, मग मला म्हणाले, म्हणजे आप्पांना पण हे माहीत नसणार बघ.

परतीची बस म्युझियमच्या स्टॉपवरूनच मिळते, बिर्केनाऊहून आधी शटलने तिथे यायचं, आणि शेवटच्या बसची वेळ सकाळी उतरतानाच फोटो काढून ठेवा कारण संध्याकाळी बस कमी होतात. त्या रात्री बाहेर जेवायचं बुकिंग वगैरे करू नका. आम्ही घरी येऊन वरणभात लावला.